थांब म्हणजे हो नव्हे

घरात तिला टकळी म्हणत, कारण ती झोपेतसुद्धा बोलते असं आईचं म्हणणं होतं. हे नाव शाळेत कसं पोचलं ते कुणालाच ठाऊक नाही, पण पोचलं आणि डिंकासारखं चिकटलं. तिला त्याचं वाईट वाटत नसे. आठवीपर्यंत मागच्या बाकावर नखं खात बसणाऱ्या या मुलीला नववीत अचानक शोध लागला होता की आपण काही समजावून सांगायला लागलो की माणसं ऐकतात. नुसती ऐकत नाहीत, त्यांच्या कपाळावरच्या आठ्या एकेक करून निघून जातात. हे सुख ज्यानं एकदा चाखलं त्याच्या तोंडाला कुलूप घालणं ब्रह्मदेवाच्या बापालाही जमायचं नाही.

"म्हणजे असं बघ," ही तिची सुरुवात. अपूर्णांक असोत, ऑफसाइडचा नियम असो, नाहीतर बाबांच्या फोनमधलं नवं काहीतरी. म्हणजे असं बघ, आणि गाडी सुटायची.

तिला मैत्रीण एकच होती, पण पाचवीपासूनची. तिला सगळे घुमी म्हणत. घुमी कमी बोलायची आणि बोलताना मध्येच थांबायची. तोतरी नव्हती. शब्द आणायला आतल्या खोलीत गेल्यासारखी गप्प व्हायची, आणि समोरच्याला वाटायचं, संपलं हिचं. अशा वेळी टकळी पुढे सरसावायची. "तिला असं म्हणायचंय की," असं म्हणून घुमीचं वाक्य तडीस न्यायची. वर्गात, कॅन्टीनमध्ये, प्रयोगशाळेत, सगळीकडे. शेवटी शेवटी शिक्षकसुद्धा प्रश्न घुमीला विचारून उत्तरासाठी टकळीकडे बघायला लागले. घुमी मान डोलवायची. टकळीला वाटायचं, आपल्यासारखी मैत्रीण दिवा घेऊन शोधली तरी कुणाला मिळणार नाही.

दहावीत शाळेनं तुकड्या बदलल्या. टकळी अ मध्ये, घुमी ब मध्ये. त्या दिवशी टकळी जेवली नाही. (आईच्या मते दुपारपर्यंतच, पण टकळी हे मान्य करत नाही.) मग तिला वर्षभराच्या प्रकल्पाची आठवण झाली आणि जीव भांड्यात पडला. प्रकल्पाची जोडी एक अ मधला आणि एक ब मधला अशीच लावायची पद्धत होती, आणि त्या जोडीनं रोज शेवटचे दोन तास संगणकाच्या खोलीत एकाच बाकावर बसायचं असे. रोजचे दोन तास. तेवढ्यावर टकळी सगळं वर्ष काढायला तयार होती.

आता प्रश्न एवढाच होता की जोड्या लावणार कोण.

गेल्या वर्षी मुख्याध्यापकांनी लावल्या होत्या. का आणि कशा, ते त्यांचं त्यांनाच माहीत, आणि पालक विचारायला आले तेव्हा त्यांनाही माहीत नव्हतं असं दिसलं. म्हणून यंदा हे काम संगणकाच्या बाईंकडे आलं. टकळी वह्यांचा गठ्ठा घेऊन स्टाफरूमच्या दाराशी उभी होती तेव्हा आत त्याच्यावरूनच जुंपली होती.

"सरळ सांगायचं, कॉम्प्युटरनं लावल्या," मुख्याध्यापक म्हणत होते. "कॉम्प्युटरशी कोण भांडणार?"

"म्हणूनच तसं सांगायचं नाही," बाई म्हणाल्या. "ज्याचं कारण मुलांना कळत नाही तो निर्णय मी त्यांच्यावर लादणार नाही. यंत्र आत काय करतं ते शेवटच्या बाकापर्यंत कळलं पाहिजे."

"शेवटच्या बाकापर्यंत अजून त्रिकोण पोचलेला नाही, बाई."

"त्रिकोण टकळीनं सांगितला नसेल."

टकळीच्या हातातल्या वह्या पडता पडता राहिल्या.

ठरलं ते असं. जोड्या लावायची रीत म्हणजे अल्गोरिदम बाईंनी निवडला. त्याची पावलं अचूक लिहायचं काम घुमीचं, कारण अचूकपणात तिचा हात धरणारं शाळेत कुणी नव्हतं. आणि ती पावलं दोन्ही तुकड्यांपुढे उभं राहून समजावण्याचं काम कुणाचं, हे सांगायला नकोच.

मग आठवडाभर टकळीचा मुक्काम घुमीच्या घरी. तिसऱ्या मजल्यावरचं दोन खोल्यांचं घर. स्वयंपाकघरात भिंतीला बिजागरीनं लावलेलं टेबल होतं, ते खाली पाडलं की फ्रीजचं दार अर्धंच उघडायचं. घुमीची आई चष्म्याच्या दुकानात काचा घासायची आणि घरी येऊनही येईल त्याच्या चष्म्याकडे आधी बघायची, मग माणसाकडे.

टकळीनं पहिली उपमा लग्नाची काढली. अ वाले मागणी घालणार, ब वाले होकार-नकार देणार.

"लग्न नको," घुमी म्हणाली.

"का? सगळ्यांना कळेल."

"सगळे हसतील. हसतील आणि मग..." घुमी थांबली.

"मुद्दा विसरतील," टकळीनं पुरं केलं. "बरं, बरोबर आहे. लग्न कॅन्सल."

घुमीनं मान डोलवली.

मग टकळीनं दारं काढली, आणि दारं जमली. अ मधला प्रत्येक जण आपल्या यादीतल्या पहिल्या नावाच्या दारावर टकटक करणार. ब मधल्यांनी घरात बसून राहायचं. दारात एकटाच आला तर त्याला म्हणायचं, थांब. दोघंतिघं आले तर आपल्या यादीत जो वरचा असेल त्याला थांब, बाकीच्यांना जा. ज्याला जा म्हटलं त्यानं रडत बसायचं नाही, आपल्या यादीतल्या पुढच्या दारावर जायचं. तिथं आधीच कुणी थांबलेलं असलं तरी बिघडत नाही. घरातल्याला हा नवा जास्त पसंत असेल तर आधीच्याला उठवायचं. असं करत करत सगळे कुठल्या ना कुठल्या दारात थांबले, कुणी हिंडायचं उरलं नाही, की मग दारं उघडायची. जो ज्याच्या दारात, तो त्याचा जोडीदार.

"थांब म्हणजे हो नव्हे," घुमी म्हणाली. "हे दोनदा सांग."

"कळतं गं लोकांना."

"नाही कळत. दारात उभं केलं की माणसाला वाटतं आपण आत आलो."

टकळीला हे इतकं आवडलं की तिनं ते जसंच्या तसं उचललं. घुमीचं कौतुकही केलं. मग म्हणाली, "आणि शेवटी मी एक वाक्य टाकणार आहे. ऐक. दोघांनी एकमेकांना पहिलं लिहिलं असेल, तर या जगातली कुठलीही ताकद त्यांना वेगळं करू शकत नाही."

घुमीनं पेन्सिल खाली ठेवली. "ते काढ."

"का? खोटं आहे?"

"खोटं नाही."

"तू पहिल्याच दारावर जाणार. तिच्या यादीत तूच पहिली, म्हणजे तुला उठवणारं कुणी येऊच शकत नाही. सिद्ध झालं की."

"सिद्ध होतं गं. पण गरज नाही त्याची. पावलं सांगितली की झालं. त्यातून काय निघतं ते ज्याचं त्यानं..."

"काढावं? कुणी नाही काढत. म्हणून तर मी आहे. अर्धवट समजावणं म्हणजे फसवणं, असं बाईच म्हणतात."

"सगळं इतकं सोपं करून सांगायलाच हवं का?"

"हो," टकळी म्हणाली. तिला खरंच तसं वाटत होतं.

तेवढ्यात घुमीची आई, म्हणजे काकू, दुकानातून आल्या. टकळीनं त्यांना चप्पल काढू दिली नाही, दारांची गोष्ट त्यांच्यावर करून बघितली. काकूंनी ओट्याला टेकून ऐकली आणि म्हणाल्या, "म्हणजे ज्याला कुणीच बोलावत नाही त्यालाही शेवटी एक दार मिळतं. चांगलं आहे." मग लेकीकडे वळून, "तू कुणाला लिहिणार गं पहिलं?"

घुमीनं तोंड उघडलं.

"मला," टकळी म्हणाली. "काय काकू, हा काय प्रश्न झाला?"

काकू हसल्या. घुमी टेबल भिंतीला लावायला उठली, कारण फ्रीजमधून काहीतरी काढायचं होतं म्हणे. काढलं मात्र काहीच नाही.

हॉलमध्ये त्या दिवशी टकळीनं जे काही केलं त्याचा विषय शाळेत बरेच दिवस निघत राहील. तिनं मुलांना स्टेजवर बोलावून खरोखरची दारं केली, पुठ्ठ्याची. खोट्या याद्या वाटल्या. फुटबॉलच्या टीमचा गोलकीपर ब मधला, त्याला तिनं दार धरायला उभं केलं तर तो येईल त्याला थांब म्हणत सुटला. "अरे एकालाच थांबवायचंय," टकळी म्हणाली. तो म्हणाला, "मला सवय नाही कुणाला आत सोडायची, तर निदान बाहेर तरी उभं राहू दे." हॉल हसला. पण मुद्दा विसरला नाही. "थांब म्हणजे?" असं टकळीनं विचारलं की सगळा हॉल ओरडायचा, "हो नव्हे."

शेवटचं वाक्य तिनं ब तुकडीच्या तिसऱ्या रांगेकडे बघून म्हटलं. घुमी तिथं बसली होती. "दोघांनी एकमेकांना पहिलं लिहिलं असेल, तर या जगातली कुठलीही ताकद त्यांना वेगळं करू शकत नाही. मुख्याध्यापकसुद्धा नाही." मुख्याध्यापक पहिल्या रांगेत होते. तेही हसले. घुमी आपल्या बुटाची नाडी बांधत होती.

दुसऱ्या दिवशी संगणकाच्या खोलीत याद्या भरायच्या होत्या. बाईंनी आधीच सांगितलं होतं की याद्या कुणालाही दिसणार नाहीत, त्यांनाही नाहीत, आणि जोड्या लागल्या की पुसल्या जातील. टकळीनं पहिलं नाव टाकायला जेवढा वेळ बोटं चालवायला लागतो तेवढाच घेतला. बाकीची नावं तिनं हजेरीच्या क्रमानं उरकली. बघायचंय कुणाला? ती खोलीबाहेर आली आणि कॉरिडॉरमध्ये घुमीची वाट बघत राहिली. ब तुकडी आत गेली, एकेक करत सगळी बाहेर आली. घुमी सगळ्यांत शेवटी.

"एवढा वेळ?"

"नीट भरत होते," घुमी म्हणाली.

"मी तर पहिलं टाकलं आणि बाकी डोळे मिटून," टकळी म्हणाली, आणि तिच्या खांद्यावर हात टाकून कॅन्टीनपर्यंत बडबडत गेली. बाकावर खिडकीकडची बाजू कुणाची, हेसुद्धा तिनं वाटेतच ठरवून टाकलं. घुमीची. एवढा मोठेपणा तिच्यात होता.

सोमवारी मधल्या सुट्टीत जोड्यांचा छापील कागद सूचनांच्या फळ्यावर लागला.

टकळीनं आधी स्वतःचं नाव शोधलं नाही, घुमीचं शोधलं. घुमीच्या नावापुढे नवी होती. नवी म्हणजे यंदाच शाळेत आलेली अ मधली मुलगी, अजून तिला टोपणनावसुद्धा पडलं नव्हतं. टकळीनं बोट ठेवून ओळ पुन्हा वाचली. मग स्वतःचं नाव शोधलं. पुढे गोलकीपर.

तिला वाटलं छपाई चुकली. असं होतं कधीकधी, ओळ सरकते. ती मागे वळून हे सांगणारच होती. पण मागे सगळे उभे होते आणि कुणी फळ्याकडे बघत नव्हतं. तिच्याकडे बघत होते. आणि मग शेवटच्या बाकावरचा ढब्बू, ज्याच्यापुढे गणिताच्या सरांनी हात जोडले होते, ज्याच्यापर्यंत त्रिकोण अजून पोचायचा होता, तो कपाळाला आठी न घालता म्हणाला, "म्हणजे घुमीनं तुला पहिलं नाही लिहिलं."

"गप रे," कुणीतरी म्हणालं.

"अरे, तिनंच सांगितलं ना. दोघांनी पहिलं लिहिलं तर वेगळं होत नाही. ही तर वेगळी झाली. म्हणजे घुमीच्या दारात नवी आली आणि हिला उठवलं." त्याला आयुष्यात प्रथमच काहीतरी पुरतं कळलं होतं, त्याचा आनंद त्याच्या तोंडावर मावत नव्हता. मग त्यानं टकळीचं तोंड बघितलं आणि त्याचं तोंड उतरलं. "सॉरी हं," तो म्हणाला. "पण बरोबर आहे ना?"

"बरोबर आहे," टकळी म्हणाली.

कॉम्प्युटरनं लावल्या, एवढंच सांगितलं असतं तर सगळ्यांनी च्च केलं असतं, तिच्या पाठीवर थोपटलं असतं, दोघी मिळून कॉम्प्युटरला शिव्या घालत कॅन्टीनला गेल्या असत्या. आता शंभर मुलांना नेमकं कळलं होतं की काय झालं. इतकं स्वच्छ तिनं समजावलं होतं.

शाळा सुटल्यावर ती बाईंकडे गेली. "बाई, प्रोग्रॅममध्ये चूक असू शकते."

बाईंनी हातातलं काम बाजूला ठेवलं. मग आपली खुर्ची तिच्याकडे सरकवली. "बघ शोधून. खऱ्या याद्या नाहीत आता. खोट्या भरून चालव."

टकळीनं खोट्या याद्या भरल्या. स्वतःच्या यादीत घुमी पहिली, घुमीच्या यादीत आपण पहिल्या. चालवलं. दोघी एकत्र. तिनं बाकीच्यांच्या याद्या उलट्या केल्या, नवीला सगळ्यांकडून पहिलं करून टाकलं, गोलकीपरला शेवटी ढकललं. चालवलं. दोघी एकत्र. काय वाटेल ते केलं तरी दोघी एकत्रच येत होत्या. किती वेळा चालवलं ते बाईंनी मोजलं नाही. त्यांना दिसत होतं की पोरगी आता चूक शोधत नाहीये.

"बाई, तुम्ही म्हणाला होतात, कारण कळलं की भांडण होत नाही."

"नाही झालं की," बाई म्हणाल्या. "कुणीही भांडायला आलेलं नाही." मग खिडकी लावायला उठल्या आणि पाठमोऱ्याच म्हणाल्या, "यातून कुणाचं काय उघडं पडेल, हा विचार मी करायला हवा होता. मला तेव्हा नुसतं बरोबर असल्याचाच आनंद झाला होता."

घरी बाबांनी ताटावर बसल्या बसल्या ओळखलं. घरात आवाज नव्हता, यापेक्षा आणखी पुरावा काय हवा? बाबा लिफ्ट दुरुस्त करायचे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, दोनतीनदा दारं कुठली, थांबलं कोण, असं विचारलं, आणि मग आपल्या परीनं समजूत काढायला गेले.

"लिफ्ट अडकते ना, तेव्हा आतली माणसं ओरडून विचारतात, का अडकली, का अडकली. मी सांगत नाही. आधी बाहेर काढतो."

"आणि बाहेर आल्यावर?"

"बाहेर आल्यावर कुणी विचारत नाही. घरी जातात."

"बाबा, मला कारण कळलंय," टकळी म्हणाली. "तरी मी आतच आहे."

बाबांनी हातातला घास ताटात ठेवला. त्यांनी आईकडे बघितलं. आईनं टकळीच्या ताटातलं गार झालेलं काढून गरम वाढलं.

दुसऱ्या दिवशी तिनं घुमीला शाळेच्या मागच्या जिन्यावर गाठलं. तो जिना गच्चीकडे जायचा आणि गच्चीला कुलूप असायचं, त्यामुळे तिकडं कुणी फिरकत नसे. घुमी वरच्या पायरीवर, टकळी खाली.

"का?" टकळी म्हणाली.

"मला..."

"मी आवडत नाही आता. असंच ना?"

"तसं नाही, मला..."

"नवी हुशार आहे म्हणून. तिला गणित येतं, तिच्याबरोबर मार्क जास्त मिळतील. सांगून टाक ना, मी काय खाणार होते तुला?"

"थांब," घुमी म्हणाली.

ती कधी असं म्हणत नसे. टकळी थांबली. खाली हात धुवायच्या नळाला कुणीतरी नीट बंद केलं नव्हतं, त्याचं पाणी ऐकू येत होतं. घुमी दप्तराचा पट्टा बोटाला गुंडाळत होती, सोडत होती. टकळीच्या तोंडात तोवर चार वाक्यं तयार झाली होती, चारही घुमीच्या वतीनं. ती तिनं दाताखाली धरून ठेवली.

"तू माझी वाक्यं पुरी करतेस," घुमी म्हणाली.

"तू अडतेस म्हणून."

"अडत नाही मी. शोधत असते." पुन्हा बराच वेळ. "तू देतेस तो शब्द जवळचा असतो. म्हणून मी मान हलवते. पण तो माझा नसतो. आणि एकदा तू बोललीस की माझा कुठला होता तेच मला आठवत नाही. कधी कधी घरी गेल्यावर आठवतो. मग सांगायचं कुणाला?"

"हे मला सांगायचं होतंस ना."

"कधी?"

टकळीनं उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि तिला एकसुद्धा वेळ सापडली नाही.

"नवी गप्प बसते," घुमी म्हणाली. "एकदा जिन्यात भेटली होती. मी मध्येच थांबले तर ती पण थांबली. बसून राहिली तशीच. मला आधी भीती वाटली. मग वाक्य पूर्ण झालं माझं."

"मला कितवी लिहिलंस?"

"दुसरी."

"खोटं."

"खोटं कशाला बोलू? आवडतेस म्हणून तर दुसरी. नाहीतर शेवटची लिहिली असती." घुमीचे डोळे भरले होते. टकळीचे आधीपासूनच वाहत होते. तिला कुठलीही गोष्ट अर्धी करता येत नसे. "ते वाक्य काढ म्हणाले होते ना मी. चारचौघांत कळू नये तुला. एकटीला सांगणार होते."

"काय सांगणार होतीस?"

घुमी शोधायला लागली. टकळी वाट बघत उभी राहिली, आणि घंटा झाली, आणि ते राहूनच गेलं.

शुक्रवारी हॉलमध्ये प्रत्येक जोडीनं उभं राहून आपण काय करणार ते सांगायचं होतं. गोलकीपर आणि टकळी दोघं शेजारी बसले होते. तो माणूस चांगला होता. पहिल्याच दिवशी त्यानं तिला सांगून टाकलं होतं, "मी तुला चौथं लिहिलं होतं. पण माझ्या दारात तू एकटीच आलीस, आणि खरं सांगू, मला फार बरं वाटलं." ती त्यावर हसली होती. मग मुतारीत जाऊन रडली होती, पण ते त्याला कळू दिलं नाही.

नवीचं आणि घुमीचं नाव पुकारलं. बोलायला घुमी उभी राहिली. नवी तिच्या शेजारी, हात मागे बांधून.

"आम्ही कॅन्टीनच्या रांगेचा प्रोग्रॅम लिहिणार आहोत," घुमी म्हणाली. "आधी कोण आलं, कुणाला आधी द्यायचं, याचा. कारण रांगेत जो सगळ्यांत मागे असतो तो..."

आणि थांबली.

हॉलमध्ये कुणीतरी खाकरलं. मग जुन्या सवयीनं एकेक मान वळली, आधी अ मधल्या, मग ब मधल्या, मग शिक्षकांच्या. सगळी टकळीकडे. ढब्बूसुद्धा. टकळीच्या जिभेवर शब्द होता. कंटाळतो. रांगेत जो सगळ्यांत मागे असतो तो कंटाळतो, दुसरं काय? बरोबर बसत होता, वर हशाही मिळाला असता. तिनं दोन्ही हात मांडीखाली घालून त्यांच्यावर बसून घेतलं, जणू बोलायचं तिला हातांनीच होतं.

नवी उभी होती. ती हलली नाही, घुमीकडे वळून बघितलंही नाही. मुख्याध्यापकांनी घड्याळ बघितलं. घुमीचे ओठ मिटलेले होते आणि चेहरा असा, की ती आत कुठंतरी खूप लांब गेली आहे, पण येणार आहे.

"रांगेत जो सगळ्यांत मागे असतो," घुमी म्हणाली, "त्याचाही नंबर येतो. फक्त कुणी मध्ये घुसायला नको."

मग ती खाली बसली. पाचवीपासून आजवर लोकांसमोर मध्येच थांबून तिनं एकटीनं पुरं केलेलं टकळीनं ऐकलेलं हे पहिलं वाक्य.

बाईंनी टाळ्या सुरू केल्या, हॉलनं उचलल्या. टकळीचे हात मांडीखाली बधिर झाले होते, ते काढून तिनंही वाजवल्या, मुंग्या येत होत्या तरी. तिच्या जिभेवर आपला तो शब्द, कंटाळतो, अजून तसाच होता. तिला आठवत होतं, असे किती तरी शब्द तिनं घुमीच्या वाक्यांना लावले होते, आणि दर वेळी घुमीनं मान डोलवली होती.

"तुला वाटलं होतं ती असं काही म्हणेल?" गोलकीपरनं विचारलं.

टकळीनं नुसती मान हलवली. नाही. पुढची जोडी त्यांचीच होती, नाव पुकारलं जात होतं, आणि तो तिच्याकडे बघत होता, कारण बोलणार अर्थातच ती.

"तू बोल," टकळी म्हणाली.

"मी? मला नाही सुचणार काही."

"मी थांबते," ती म्हणाली.